बोटावरचा ठिपका

माझ्या साडूचा मला हेवा वाटतो. हे वाक्य लिहायला मला चौदा वर्षं लागली, आणि लिहून झाल्यावरही ते खोडून तिथं ‘कौतुक’ असा शब्द घालावा, असा मोह होतोय. पण कौतुक नव्हतं ते. सरळ सरळ पोटात दुखायचं.

मी नाशिकच्या एका कॉलेजात अकरावी-बारावीला फिजिक्स शिकवतो. तो चांदवडजवळ हायवेला गॅरेज चालवतो. ट्रॅक्टर, ट्रॉल्या, खोदाईची मशिनं, जे जे तेलाच्या जोरावर उचलतं आणि ढकलतं ते सगळं दुरुस्त करतो. माझं लग्न थोरलीशी झालं तेव्हा सासऱ्यांनी गावभर सांगितलं होतं की प्राध्यापक जावई मिळाला. धाकटीनं गॅरेजवाला पसंत केला तेव्हा महिनाभर त्यांच्या घशाखाली घास उतरत नव्हता. त्या महिन्यात ते मला रोज फोन करायचे. माझा सल्ला घ्यायचे. तो महिना फार चांगला गेला.

पुढं काय झालं ते कुणालाही कळेल. सासऱ्यांची शेती चांदवडच्या अलीकडं. बोअरची मोटर अडली, की फोन धाकट्याला. ट्रॅक्टर घ्यायचा, तर बघायला धाकटा. घरातला मिक्सर बंद पडला तरी सासूबाई म्हणायच्या, “राहू द्या, धाकटे पाहुणे आले म्हंजे बघतील.” मिक्सर माझ्यासमोर असायचा, मी मिक्सरसमोर असायचो, आणि तरी वाट त्याची बघितली जायची. मला फोन यायचा तो कुणाच्या तरी पोराच्या अ‍ॅडमिशनची चौकशी करायला. बरं, तो उद्धट असता तर बरं झालं असतं, नावं ठेवता आली असती. तो मला ‘सर’ म्हणायचा, मी दिसलो की हात पुसून उठून उभा राहायचा. त्यानं तर माझा आणखीच जळफळाट व्हायचा.

यंदा धोंड्याचा महिना ऐन उन्हाळ्यात आला होता. अधिक महिन्यात जावयांना बोलावून पुरणाचे धोंडे खाऊ घालायचे, कपडे करायचे, अनारशांचं वाण द्यायचं, ही आमच्याकडची रीत. दर तीन वर्षांनी एकदा येणारा हा एकच दिवस असा असतो की मोठा जावई म्हणून पहिला पाट माझा, पहिलं औक्षण माझं. खोटं कशाला बोलू, मी त्या दिवसाची वाट बघायचो.

आम्ही तिघं, मी, बायको आणि बारावीत गेलेली मुलगी, सकाळी दहाच्या सुमाराला पोचलो. स्वयंपाकघरातून पुरणाचा वास येत होता. सासरे मात्र नवा सदरा घालून खळ्यात ट्रॅक्टरवर बसलेले, आणि मागं शेणखतानं भरलेली ट्रॉली अर्धवट उचललेल्या अवस्थेत अडकलेली. ट्रॉलीचा मागचा फाळका उघडा, खत थोडं घसरलेलं, बाकी सगळं तसंच वर. ट्रॉली उचलणारा जॅक निम्मा बाहेर येऊन थांबला होता.

“आता धाकट्या पाहुण्यांना येऊ द्या,” सासरे म्हणाले.

मी म्हणालो, “मामा, हे अगदी सोपं आहे.” आणि मी काठी घेतली.

धुळीत मी दोन नळकांडी काढली, एक अरुंद, एक रुंद, मधून जोडलेली. बंदिस्त द्रवावर एका ठिकाणी दाब दिला, की तो सगळीकडं सारखाच पोचतो. अरुंद दट्ट्यावर थोडा जोर लावला तरी रुंद दट्ट्यावर तितक्याच पट जास्त जोर मिळतो, जितक्या पट त्याचं क्षेत्रफळ जास्त. फुकट काहीच नाही, लहान दट्टा हातभर ढकलावा तेव्हा मोठा बोटभर उचलतो. वीस वर्षं मी हे शिकवतोय, झोपेतसुद्धा शिकवू शकेन. शेवटी मी निकाल दिला की ट्रॉलीत खत जास्त भरलंय, वजनाच्या मानानं पंपाला पुरेसं प्रेशर तयार करता येत नाही. अर्धं खत फावड्यानं काढा, ट्रॉली उठेल.

सासऱ्यांनी माझ्याकडं आणि मग फावड्याकडं बघितलं. तेवढ्यात पिकअपचा हॉर्न वाजला.

साडू नव्या कपड्यांत आला होता. बायकोला स्वयंपाकघराकडं जायला सांगून त्यानं शर्ट काढला, निंबाच्या फांदीला अडकवला आणि बनियनवर ट्रॉलीभोवती एक चक्कर मारली. सासऱ्यांनी त्याला माझा निकाल ऐकवला. तो माझ्याकडं बघून आदरानं हसला, आणि तिथंच माझं डोकं फिरलं.

“सर म्हणतात ते बरोबरच हाय,” तो म्हणाला, “पण वजन जास्त असतं ना, तर ती सुरुवातीलाच हलली नसती. ट्रॉली आडवी असती तवा लय जोर लागतो. जशी वर जाईल तसं काम हलकं व्हतं. ही हलकं काम आल्यावर थांबली.”

हे बलाच्या आघूर्णाचं, म्हणजे बिजागरीपासून वजन किती लांब आहे याचं, साधं गणित होतं. नववीतल्या पोराला सुटलं असतं. मला सुचलं नव्हतं.

त्यानं पुढं होऊन तेल मोजायची पट्टी काढली. पट्टीच्या टोकालाच जेमतेम तेल लागलं होतं. “तेल संपलंय, मामा. जॅक भरायला तेलच नाय पुरत, म्हणून अर्ध्यात थांबतो.”

“परवाच टाकलंय की,” सासरे म्हणाले. “चार दिसाला टाकतोय. खाली तर थेंबसुद्धा नाय सांडत.”

“मग हवेत जातंय.”

माझी मुलगी पुढं सरकली. “काका, पण पप्पा म्हणत होते पंप प्रेशर तयार करतो. मग तेल कमी असलं तरी प्रेशर...”

तिनं मला विचारायला हवं होतं. मी तिच्यापासून दोन हातांवर उभा होतो. विषय माझा, मुलगी माझी.

“पंप प्रेशर नाय करत बाळा,” तो म्हणाला. “पंप नुस्तं तेल ढकलतो. म्होरं कुणी अडवलं तर प्रेशर व्हतं. समज, तू मोकळं दार ढकललं, जोर लागंल का? पलीकडून कुणी धरलं, की लागंल. इथं धरायला ट्रॉलीचं वजन हाय. जेवढं वजन, तेवढं प्रेशर. जास्त नाय, कमी नाय.”

ती “अच्छा!” म्हणाली. वर्गात माझं ऐकून वीस वर्षांत कुणाच्या तोंडून असा “अच्छा” निघालेला मला आठवत नाही. आणि तो बरोबर होता. पुस्तकातही तसंच आहे, फक्त पुस्तक ते इतक्या लवकर सांगत नाही.

त्यानं पिकअपमधून तेलाचा डबा आणून तेल भरलं. बाभळीचा जाड टेकू घेऊन ट्रॉलीखाली पक्का बसवला. “तेलावर भरवसा ठेवून खाली जायचं नाय,” हेही माझ्या मुलीलाच सांगितलं. मग सासऱ्यांना लिव्हर ओढायला लावला. ट्रॅक्टर घुरघुरला, ट्रॉली टेकूवरून बोटभर वर उठली. तो खाली वाकला, डावा हात त्यानं पंपाकडून जॅककडं जाणाऱ्या काळ्या रबरी पाइपावर ठेवला आणि हलक्या हातानं सरकवत नेला, जनावराच्या पाठीवरून फिरवतात तसा. सगळे मेकॅनिक असंच करतात. गळती डोळ्याला दिसत नाही, हाताला लागते, असं ते म्हणतात.

पाइपाच्या आतल्या बाजूला, जिथं तो लोखंडी पट्टीला घासत होता, तिथं उन्हात एक बारीक धूर चमकला. तो धूर नव्हता. सुईच्या अग्रापेक्षाही बारीक भोकातून सुटलेलं तेल होतं.

“आयला!” त्यानं हात मागं घेतला. “चावलं काहीतरी.”

डाव्या हाताचं पहिलं बोट त्यानं डोळ्यांसमोर धरलं. मधल्या पेरावर एक ठिपका. रक्ताचा थेंबसुद्धा आला नाही. त्यानं बोट पॅन्टला पुसलं आणि म्हणाला, “सापडलं. बंद करा मामा.”

मला तो ठिपका कळला.

हे मला स्पष्ट लिहिलंच पाहिजे. काही वर्षांपूर्वी मी विद्यार्थ्यांना घेऊन अंबडच्या एका कारखान्यात गेलो होतो, तेलाच्या दाबावर पत्रा वाकवणारे प्रेस होते तिथं. तिथल्या सेफ्टीच्या माणसानं आम्हाला एक फोटो दाखवला होता: बोटावर एवढासा ठिपका, आणि शेजारी त्याच हाताचा दुसरा फोटो, कोपरापर्यंत चिरलेला. पाइपात एका नखाएवढ्या जागेवर दीडेकशे किलोचा भार असतो, तो म्हणाला होता. बारीक भोकातून सुटलेली धार कातडी भेदते आणि तेल बोटात, तळव्यात, नसांच्या कडेकडेनं पसरतं. दुखत नाही सुरुवातीला. म्हणून माणूस घरी जातो, आणि हात गमावतो. तासाचा हिशोब असतो. गळती शोधायला पुठ्ठा धरायचा, हात नाही. त्यानंतर दर वर्षी द्रवाच्या दाबाचा, पास्कलच्या नियमाचा तास मी याच गोष्टीनं संपवायचो. मुलं शहारायची, मला बरं वाटायचं.

मी तोंड उघडलं. “अहो, ते बोट...”

“काय सर,” तो हसत म्हणाला, “आता बोटाचंबी सूत्र हाय का तुमच्याकडं?”

सासरे ट्रॅक्टरवरून खो खो हसले. दारात आलेली मेहुणी हसली. माझी मुलगीही हसली.

मी तोंड मिटलं.

एक वाक्य होतं. ‘तेल आत गेलंय, दवाखान्यात चला.’ मी ते गिळलं. मग मनाशी सबबी सुरू झाल्या: गांधीलमाशी असेल, धार चाटून गेली असेल, मी कुठं डॉक्टर आहे. पण या सबबींच्या खाली जे होतं तेही मला ऐकू येत होतं. मला वाटलं, होऊ दे. सुजू दे थोडं. कळू दे सगळ्यांना, कुणाला काय माहीत असतं ते.

त्यानं पाइप बदलला, ट्रॉली पूर्ण उठली, खत धाडकन खाली आलं, आणि सासऱ्यांनी माझ्यासमोर त्याच्या उघड्या पाठीवर थाप मारली. अंगाचा नुसता तिळपापड झाला.

मग आंघोळी झाल्या. आम्हाला पाटावर बसवलं, सासूबाईंनी पाय धुतले, कुंकू लावलं. पहिला पाट माझाच होता. तेहतीस अनारशांचं तबक आधी माझ्यापुढं आलं. माझं लक्ष तबकात नव्हतं. त्याचा डावा हात मांडीवर उताणा पडला होता आणि ते बोट फिकट, गुळगुळीत, तुकतुकीत दिसायला लागलं होतं. औक्षणाच्या वेळी त्याला अक्षतांसाठी ओंजळ करायला सांगितली, तेव्हा ते बोट वाकलं नाही. माझ्याशिवाय ते कुणी बघितलं नाही. त्याला मिळालेला शर्ट आणि मला मिळालेला शर्ट एकाच दुकानातले आहेत का, हेही मी त्याच वेळी बघत होतो. लाज वाटते, पण बघत होतो.

पानं वाढली. धोंडे, मांडे, आमटी, कुरडया. सासऱ्यांनी आग्रह करकरून त्याला तूप वाढलं आणि ट्रॉलीची गोष्ट पंगतीला आलेल्या शेजाऱ्यांना पुन्हा सांगितली, माझ्या फावड्यासकट. शेजारी हसले. आता सांगावं, असं मला निदान चार वेळा वाटलं. पण जेवढा उशीर होत होता तेवढं सांगणं अवघड होत होतं, कारण आता सांगितलं तर कुणीतरी विचारणार, मघाशी का नाही सांगितलंत?

तिसरा मांडा त्यानं परत केला. तो पाच खाणारा माणूस. कपाळावर घाम होता. मेहुणीनं त्याचा हात धरून बघितला आणि ओरडली. बोट दुप्पट झालं होतं, आणि बोटाच्या मुळाशी तळवा टणक लागत होता.

“गावातल्या डॉक्टरकडून टीटीचं इंजेक्शन घेतो,” तो म्हणाला. आवाज बारीक झाला होता. “एवढं काय नाय.”

“नाही,” मी उठून म्हणालो. “गावात नाही. सरळ नाशिक. तेल आत गेलंय. हात जाईल.”

सगळे माझ्याकडं बघायला लागले. कुणीच हसलं नाही. धाकटा आल्यापासूनच्या चौदा वर्षांत पहिल्यांदाच त्या घरात माझ्या शब्दावर सगळं घर हललं.

गाडी मी चालवली. हायवेला पाऊण तास, गतिरोधक आला की मागच्या सीटवरून त्याच्या दातांचा आवाज यायचा. नाशकात शिरल्यावर द्वारकेच्या चौकात सिग्नल तोडला. हॉस्पिटलात केसपेपर करणाऱ्या पोरीनं “बोटाला जखम” असं लिहिलं, ते मी खोडायला लावलं आणि “जोराच्या दाबाचं तेल शरीरात गेलंय” असं लिहून घेतलं. सर्जन धावत आले. त्यांनी बोट बघून विचारलं, “किती वेळ झाला?”

मी म्हणालो, “चार तास.”

“एवढा वेळ काय करत होता?”

“दुखतच नव्हतं ना साहेब,” स्ट्रेचरवरून तोच बोलला. “आमच्या सरांनी ओळखलं म्हणून आलो. नायतर टीटी घेऊन घरी झोपलो असतो.”

तीनदा ऑपरेशन झालं. तळवा उघडून धुतला, पुन्हा उघडून धुतला. हात वाचला. बोट मधल्या पेरापासून काढावं लागलं. सर्जन मला बाजूला घेऊन म्हणाले की बरं झालं तुम्हाला कळलं, आणखी उशीर झाला असता तर मनगटापर्यंत गेलं असतं. मग जाता जाता, सहज, म्हणाले की दोनेक तास आधी आले असते तर कदाचित बोटही राहिलं असतं. धोंड्याची पंगत जवळजवळ तेवढाच वेळ चालली होती.

सासरे वॉर्डाच्या बाहेर बाकावर बसले होते. मला बघून उठले आणि दोन्ही हात जोडले. पंच्याहत्तरीचा माणूस. “पाहुणे, तुमच्या शिक्षणामुळं माझ्या लेकीचा संसार वाचला,” म्हणाले. मी त्यांचे हात खाली केले. मला वाटतं, मी “असू द्या मामा” असं काहीतरी म्हणालो.

तेव्हापासून त्या घरात माझी किंमत वाढली. गुडघ्याचं ऑपरेशन करावं का, बोअर कुठं घ्यावा, कोणतं खत, कोणता मोबाइल, सगळ्याला फोन मला येतो. मिक्सरसुद्धा परवा मला दाखवला. माझी मुलगी मैत्रिणींना सांगते की पप्पांनी काकांचा हात वाचवला. मला जे हवं होतं ते सगळं मिळालं, आणि फोन वाजला की आता मी तो दोनदा वाजू देतो.

श्रावणात एका दुपारी मी एकटाच त्याच्या गॅरेजवर गेलो. तो एका जॅकमध्ये नवं सील बसवत होता. उरलेल्या चार बोटांनी त्यानं रबराची कडी दाबून, वळवून, खोबणीत सोडली. जराही अडला नाही. मला बघून हात पुसत उठला, चहा सांगितला. आम्ही टायरवर बसलो. इकडचं तिकडचं बोलणं झालं आणि मग तो जॅककडं बघत म्हणाला,

“सर, त्या दिवशी खळ्यात तुम्ही बोलणार होता ना?”

माझ्या हातातला कप खाली ठेवला गेला.

“तुम्ही तोंड उघडलं होतं. मी मधीच चेष्टा केली. हॉस्पिटलात पडल्या पडल्या आठवलं मला. तुमचं तोंड बघितलं होतं ना मी, तुम्हाला कळलेलं होतं.”

“हो,” मी म्हणालो.

“मी हसायला नको होतं. सगळ्यांसमोर. चूक माझी हाय.”

“कुणाला सांगितलं?”

“कशाला सांगायचं? बायकोलाबी नाय. मामा लय मानतात आता तुम्हाला.” त्यानं माझा कप उचलून परत माझ्या हातात दिला. “घ्या, गार होतोय.”

रागावला असता, गचांडी धरली असती, सासऱ्यांना फोन लावला असता, तर मी सुटलो असतो. त्यानं ते केलं नाही. इतके दिवस त्यानं ते एकट्यानं धरून ठेवलं आणि वर चूकही स्वतःच्याच नावावर घेतली. माफी मागायला हवी होती मी, तीही त्यानंच मागून टाकली. मी चहा प्यायलो. समोर बसलेल्या त्या नऊ बोटांच्या माणसाकडं बघताना मला पश्चात्ताप व्हायला हवा होता. झालाही असेल. पण सगळ्यात आधी जे वर आलं ते मी ओळखलं, कारण माझी त्याच्याशी चौदा वर्षांची ओळख आहे. मला त्याचा हेवा वाटला.